पिंजोरच्या मतदाराचा विसर्जित प्रभाग

राष्ट्रांच्या आणि राज्यांच्या सीमांचा इतिहास लिहिला जातो, विधानसभेच्या मतदारसंघांची नोंदही निवडणुकीच्या तक्त्यांतून टिकून राहते. परंतु नगरसेवक निवडण्यासाठी शहराचे जे छोटे भाग पाडले जातात, ज्यांना महाराष्ट्रात प्रभाग आणि हरियाणात वॉर्ड म्हणतात, त्यांचा इतिहास सहसा कोणी लिहीत नाही. पंचकुला महानगरपालिकेत कालका आणि पिंजोर या दोन जुन्या गावांचे जे प्रभाग होते आणि २०२० मध्ये जे त्या महानगरपालिकेतून वगळले गेले, ते अशाच अलिखित इतिहासाचे उदाहरण आहे. प्रभाग हा माणसाला सर्वांत जवळचा मतदारसंघ असूनही त्याचे आयुष्य मतदाराच्या आयुष्यापेक्षा कितीतरी लहान कसे ठरते, हे त्यातून दिसते.

पिंजोरमध्ये १९५० च्या सुमारास जन्मलेला एखादा रहिवासी डोळ्यांसमोर आणला, तर हे अधिक स्पष्ट होते. त्याच्या जन्माच्या वेळी पिंजोर हे पतियाळा आणि पूर्व पंजाबातील संस्थानांच्या संघात, म्हणजे ‘पेप्सू’ या नावाने ओळखल्या गेलेल्या राज्यात होते, कारण त्याआधी ते पतियाळा संस्थानाचा भाग होते. त्याला लागूनच असलेले कालका मात्र इंग्रजांनी १८४३ मध्ये सिमल्याच्या वाटेवरचे ठाणे म्हणून पतियाळाकडून घेतले होते, आणि १८९१ मध्ये तेथे रेल्वे पोहोचल्यावर व १९०३ मध्ये सिमल्याची अरुंद रुळांची गाडी सुरू झाल्यावर त्या गावाचा बाजार वाढला. १९५६ मध्ये पेप्सू पंजाबात विलीन झाले. १ नोव्हेंबर १९६६ रोजी पंजाबची पुनर्रचना झाली, तेव्हा अंबाला जिल्ह्याच्या खरड तालुक्यातील पिंजोर मंडल स्वतंत्रपणे उल्लेख करून हरियाणाला देण्यात आले. आणि १५ ऑगस्ट १९९५ रोजी पंचकुला हा नवा जिल्हा झाला. घराचा उंबरठा जागचा न हलता या रहिवाशाचे राज्य दोनदा आणि जिल्हाही बदलला होता, आणि नगरपालिकेच्या बाबतीतले बदल अजून पुढेच होते.

१७ मार्च २०१० रोजी पंचकुला महानगरपालिका स्थापन झाली आणि तिच्यात पंचकुला शहरासह कालका व पिंजोर यांचा समावेश झाला. त्यामागची प्रेरणा समजण्यासाठी एक नियम लक्षात घ्यावा लागतो. १९९३ पासून अमलात आलेल्या ७४ व्या घटनादुरुस्तीने शहरी स्थानिक संस्थांचे तीन प्रकार ठरवले, आणि हरियाणाच्या कायद्याने महानगरपालिकेसाठी तीन लाखांहून अधिक लोकसंख्येची अट घातली. २०११ च्या जनगणनेत पंचकुला शहराची लोकसंख्या सुमारे दोन लाख अकरा हजार होती. म्हणजे एकट्या शहराने हा उंबरठा ओलांडला नसता. शेजारची गावे जोडल्याशिवाय महानगरपालिका उभी राहत नव्हती, आणि त्यामुळे कालका-पिंजोरचे प्रभाग तेथील माणसांच्या रोजच्या संबंधांतून न जन्मता बेरजेच्या गरजेतून जन्मले, असे म्हणावे लागते.

पंचकुला शहर हे आधी आखलेले आणि मग वसलेले शहर आहे. तेथे रस्ते, नाले आणि बागांच्या जागा कागदावर ठरल्या आणि नंतर सेक्टर म्हणवल्या जाणाऱ्या त्या आखीव भागांत माणसे राहायला आली. कालक्यात माणसे, दुकाने आणि रेल्वेची वस्ती आधी आली आणि गल्ल्या त्यांच्यामागून निघाल्या, तर पिंजोरला मोगलकालीन बागेचा आणि एचएमटीच्या कारखान्याचा आधार होता, ज्यातील ट्रॅक्टर-निर्मिती पुढे थांबली. पंचकुला आणि कालका यांच्यात रस्त्याने वीस-बावीस किलोमीटरचे अंतर असताना एकाच सभागृहात सेक्टराच्या प्रतिनिधीने उद्यानांच्या देखभालीबद्दल आणि बाजाराच्या प्रतिनिधीने अरुंद गल्लीतील गटाराबद्दल बोलायचे होते. शिवाय पिंजोरच्या मतदाराचे मत तीन दिशांना विभागलेले होते: लोकसभेसाठी तो अंबाल्याचा, विधानसभेसाठी कालक्याचा आणि महानगरपालिकेसाठी पंचकुल्याचा मतदार होता, त्यामुळे रस्ता कोणी दुरुस्त करावा हे विचारताना त्याला आधी कोणत्या नात्याने विचारायचे हे ठरवावे लागे.

या महानगरपालिकेची पहिली निवडणूक २०१३ मध्ये झाली आणि पाच वर्षांनी, २०१८ मध्ये, तिची मुदत संपली. घटनेच्या २४३-यू या अनुच्छेदानुसार मुदत संपण्यापूर्वी नवी निवडणूक होणे अपेक्षित असते. प्रत्यक्षात पुढचे मतदान २७ डिसेंबर २०२० रोजी झाले, आणि मधल्या काळात कारभार प्रशासकांच्या हाती, म्हणजे लोकांनी न निवडलेल्या अधिकाऱ्यांच्या हाती राहिला. या निवडणुकीपूर्वीच कालका आणि पिंजोर वगळून त्यांच्यासाठी कालका नगरपरिषद निर्माण करण्यात आली होती. उरलेल्या पंचकुल्यात वीस प्रभाग आखले गेले आणि महापौर प्रथमच थेट मतदानाने निवडला गेला. कालका नगरपरिषदेचे मतदान मात्र १९ जून २०२२ रोजी झाले. म्हणजे २०१८ मध्ये महानगरपालिकेची मुदत संपल्यापासून नव्या संस्थेतील प्रतिनिधी मिळेपर्यंत पिंजोरच्या मतदाराला जवळजवळ चार वर्षे नगरसेवकच नव्हता.

महाराष्ट्रातील वाचकाला हा अनुभव परका वाटू नये. मुंबई महानगरपालिकेच्या नगरसेवकांची संख्या १९८५ मध्ये १७०, १९९२ मध्ये २२१ आणि २००२ मध्ये २२७ झाली. पुढे ती २३६ करण्याचा निर्णय झाला, पण २०२२ मध्ये ती पुन्हा २२७ वर आणली गेली, आणि त्याच वर्षीच्या मार्चपासून जानेवारी २०२६ च्या निवडणुकीपर्यंत शहर प्रशासकाच्या हाती होते. पुण्यात २०१२ मध्ये दोन सदस्यांचे आणि २०१७ मध्ये चार सदस्यांचे प्रभाग झाले. प्रभागरचना, म्हणजे लोकसंख्येनुसार सीमा पुन्हा आखण्याची प्रक्रिया, आवश्यकच आहे, कारण वाढत्या शहरात जुन्या सीमा ठेवल्या तर एका मताचे वजन दुसऱ्यापेक्षा कमी होते. महिला आणि अनुसूचित जातींसाठी राखीव जागा फिरत्या ठेवण्यामागेही न्यायाचाच विचार आहे. तथापि, सीमा बदलली की मागच्या पाच वर्षांत दिलेले आश्वासन कोणाला लागू होते हेच धूसर होते, आणि ज्याने काम अर्धवट सोडले त्याला जाब विचारणारा मतदारसंघच अस्तित्वात राहत नाही. घटनेच्या २४३-झेडजी या अनुच्छेदाने अशा सीमांविषयीच्या कायद्यांना न्यायालयात आव्हान देण्यावर मर्यादा घातल्या आहेत, त्यामुळे ही उणीव भरून काढण्याची जबाबदारी मुख्यतः प्रशासनावर आणि नागरिकांवर येते.

कालका-पिंजोर यांना वेगळे करणे चूक होते असे यावरून सिद्ध होत नाही. जी गावे केवळ लोकसंख्येच्या अटीसाठी जोडली जातात, त्यांना आपल्या आकाराची स्वतंत्र संस्था मिळणे हे अधिक स्वाभाविक आहे. चूक होती ती जोडण्याच्या घाईत आणि तोडल्यानंतरच्या दिरंगाईत. म्हणून कोणत्याही शहरात प्रभागाच्या सीमा बदलण्यापूर्वी जुन्या प्रभागाचा नकाशा, त्यात मंजूर झालेली आणि अपुरी राहिलेली कामे यांचा हिशेब जाहीर व्हावा, आणि नवी निवडणूक मुदतीत घेतली जावी, एवढी मागणी प्रत्येक मतदाराने आपल्या नगरपालिकेकडे लेखी करावी.