पेटीवाल्याचीं बिऱ्हाडें

ज्या मनुष्यावर महाराष्ट्रानें अतोनात प्रेम केलें, त्याच्याच आयुष्याचा एक मोठा भाग महाराष्ट्र जवळ जवळ विसरून गेला आहे, असें म्हटलें तर वाचकांपैकीं कित्येकांना तें खरें वाटणार नाहीं. श्री. पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे यांचें एकही पुस्तक ज्या घरीं नाहीं असें सुशिक्षित मराठी घर विरळा. त्यांच्या तोंडून ऐकलेला अंतू बर्वा किंवा सखाराम गटणे आमच्या मुलांनासुद्धां पाठ आहे. परंतु याच देशपांड्यांनीं पडद्यावर नायकाच्या भूमिका केल्या, बोलपटांस चाली दिल्या, एका चित्रपटाची कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि मुख्य भूमिका एवढा सगळा भार एकट्यानें वाहिला, आणि हिंदुस्थानांत दूरचित्रवाणीचा पहिला दिवा लागला तेव्हां त्या दिव्यांत तेल घालणाऱ्या मोजक्या मंडळींत ते होते, हें सांगूं लागलें म्हणजे ऐकणारा सौजन्यानें मान डोलावतो आणि पुनः 'बटाट्याच्या चाळी'कडे वळतो.

या विसराळूपणाचा आम्ही पुष्कळ दिवस विचार करीत आलों आहों. आमचें मत असें झालें आहे कीं, आपण या गृहस्थाकडे उलट्या टोकाकडून पाहतों. आपण समजतों, हा एक लेखक. त्याला गाण्याचा नाद होता, सिनेमाचा छंद होता, आणि मध्यंतरीं कांहीं दिवस सरकारी नोकरींत गेले. आम्हांस वाटतें, हा मुळांत एक पेटीवाला. चित्रपट, नभोवाणी, दूरचित्रवाणी, किंबहुना लेखनसुद्धां, हीं त्याचीं बदलत गेलेलीं बिऱ्हाडें. बिऱ्हाड कोणतेंही असो, सामानांत पेटी असावयाचीच.

८ नोव्हेंबर १९१९ रोजीं मुंबईस जन्मलेला आणि जोगेश्वरी-पार्ल्याच्या मध्यमवर्गीय वस्तींत वाढलेला हा मुलगा लहानपणींच पेटी शिकला. पेटी हें वाद्य मोठें चमत्कारिक आहे. तें आलें परदेशांतून, पण संगीत नाटकाच्या आश्रयानें आमच्याकडे असें रुजलें कीं भजनापासून मंगळागौरीपर्यंत त्याच्यावांचून पान हलेनासें झालें. तथापि गवयाच्या दृष्टीनें त्यांत एक मोठें व्यंग आहे. त्याचे सूर ठरलेले. एका पट्टीवरून दुसरीवर जातांना मधला प्रवास नाहीं. गळ्यांतून किंवा तारेवरून जी मींड सहज निघते ती पेटींतून निघत नाहीं, निघाल्याचा भास तेवढा उत्पन्न करावा लागतो. म्हणून चांगल्या पेटीवाल्याचें निम्मेंअधिक कौशल्य बोटांत नसून कानांत असतें. गवई कोठें जाणार हें ओळखून त्याच्या मागें अर्धें पाऊल राहावयाचें, तो दम घेण्यास थांबला कीं त्याची जागा धरून ठेवावयाची, आणि तो परत आला कीं निमूटपणें बाजूस सरावयाचें. दुसऱ्याचा सूर, दुसऱ्याची लकब, दुसऱ्याचा श्वास टिपण्याची ही जी तालीम, तिच्यांतूनच पुढें हरितात्या आणि रावसाहेब निघाले असें आम्ही ठामपणें म्हणूं. अंतू बर्व्याचें बोलणें कागदावर वाचतांनाही कानांत वाजतें. तें कांहीं व्याकरणाच्या बळावर साधलेलें नाहीं, त्याला पट्टी धरावी लागते.

पेटीपासून पडद्यापर्यंतची वाट देशपांड्यांच्या आधींच एका थोर पुरुषानें मळून ठेविली होती. १९३२ सालीं 'प्रभात'च्या 'अयोध्येचा राजा' या बोलपटांत गोविंदराव टेंबे यांनीं हरिश्चंद्राची भूमिकाही केली आणि संगीतही दिलें. ज्या काळीं पेटीवाला म्हणजे गवयाच्या सतरंजीचा कोपरा अडवून बसणारा इसम, त्या काळीं एका पेटीवाल्यानें राजाचा मुकुट घालावा हें लहान आश्चर्य नव्हतें.

१९४७ च्या सुमारास देशपांडे या धंद्यांत शिरले आणि पुढलीं सहा-सात वर्षें त्यांत राहिले. १९४८ च्या 'वंदे मातरम्' या राम गबाले यांच्या चित्रपटांत ते आणि सुनीताबाई दोघेंही दिसलीं. १९५० च्या 'पुढचं पाऊल' या राजा परांजपे यांच्या चित्रपटांत हंसा वाडकरांसारख्या कसलेल्या अभिनेत्रीसमोर ते नायक म्हणून उभे राहिले. त्यांचा अभिनय आम्हांस फारसा थोर वाटत नाहीं. नायकाला जें एक प्रकारचें स्वतःवरचें प्रेम लागतें, तें त्यांच्या डोळ्यांत दिसत नाहीं. चालींची गोष्ट मात्र निराळी. 'देव पावला'मधील माणिक वर्मा यांच्या आवाजांतलें 'कबिराचे विणतो शेले' घ्या, किंवा १९५३ च्या 'देवबाप्पा'तील 'नाच रे मोरा' घ्या. हें दुसरें गाणें गदिमांचें, आणि गाइलें आशाबाई भोसले यांनीं, ज्या तेव्हां वीस वर्षांच्या होत्या. बालवाडींतील ज्या पोरास सूर कशाशीं खातात हें ठाऊक नाहीं, त्याच्याही तोंडीं ती चाल सुरांत बसते. मुलांसाठीं चाल बांधतांना मोठीं माणसें बहुधा बोबडें बोलूं लागतात. येथें तसें झालेलें नाहीं.

त्याच १९५३ सालीं 'गुळाचा गणपती' आला. यालाच लोक 'सबकुछ पु. ल.' म्हणतात. नाऱ्या नांवाच्या एका भोळसट, दिवास्वप्नांत रमणाऱ्या तरुणाची ही गोष्ट. आमच्या आप्तेष्टांत या चित्रपटाची स्तुति न ऐकतां एकही दिवाळी जात नाहीं. पण खरें सांगावयाचें तर कथा म्हणून त्याचे सांधे सैल आहेत, आणि मध्येंच एखादा प्रवेश असा येतो कीं दिग्दर्शक जागेवर नसून नटाबरोबर हसत बसला असावा अशी शंका येते. असें असूनही तो पुनः पाहावासा वाटतो. कारण एक तर त्यांतला विनोद कोणाच्या अंगावर ओरखडा काढीत नाहीं. आणि दुसरें, गाणीं. वसंतराव देशपांडे यांना त्यांनीं या चित्रपटांत गाण्यास बसविलें, आणि भीमसेन जोशी यांच्याकडून 'इंद्रायणी कांठीं' गाऊन घेतलें. भीमसेन तेव्हां एकतीस वर्षांचे होते. पुढें हेंच गाणें त्यांच्या अभंगांच्या मैफलींतून इतकें फिरलें कीं तें पिढ्यान् पिढ्या चालत आलेलें, कोणा वारकऱ्याच्या वहींतून उचललेलें आहे अशी समजूत होऊन बसली. शब्द गदिमांचे आणि चाल पेटीवाल्याची, हें सांगितलें म्हणजे लोक चकित होतात. चाल देणाऱ्याचें नांव पुसलें जाण्याइतकी ती चाल लोकांची व्हावी, याहून मोठी दाद कोणती? पण त्या दादेंतच त्याचा तोटाही आहे.

१९५३ हें साल मराठी चित्रपटाच्या इतिहासांत विचित्र आहे. त्याच वर्षीं आचार्य अत्रे यांची 'श्यामची आई' पडद्यावर आली, आणि त्याच वर्षीं पुण्याची 'प्रभात' बंद पडली. एकीकडे कळस, दुसरीकडे पाया खचलेला. अशा वेळीं देशपांड्यांनीं हा धंदा सोडला. दिग्दर्शकाची पारख त्याच्या दुसऱ्या चित्रपटावरून करावी असें आम्ही मानतों. पहिल्यांत तो आपल्याजवळचें सर्व ओततो, दुसऱ्यांत त्याला निवड करावी लागते. देशपांड्यांचा तो दुसरा चित्रपट झालाच नाहीं. मराठी चित्रपटाचें यांत काय गेलें, याचा हिशेब कोणीही मांडलेला नाहीं.

पुढलें बिऱ्हाड नभोवाणीचें. १९५५ च्या सुमारास ते पुणें केंद्रावर रुजू झाले. येथें दैवानें त्यांची जी थट्टा केली ती त्यांच्या स्वतःच्या कोणत्याही विनोदापेक्षां सरस होती. १९४० सालीं नभोवाणीनें पेटीला आपल्या दारांत येण्यास बंदी केली होती. गोऱ्या अधिकाऱ्यांना आणि कांहीं विद्वान देशी मंडळींना हें वाद्य हिंदी संगीताचा नाश करणारें वाटे. तिचे ठरीव सूर श्रुतींना मारक आहेत असा त्यांचा आक्षेप. स्वराज्य आलें, तरी बंदी उठली नाहीं. १९५२ पासून दहा वर्षें नभोवाणीचे मंत्री डॉ. बाळकृष्ण केसकर हे मराठी गृहस्थ होते. त्यांची शास्त्रीय संगीतावरील निष्ठा इतकी कडक होती कीं त्यांच्या अमदानींत चित्रपटगीतेंही नभोवाणीवरून हद्दपार झालीं आणि श्रोते सिलोन रेडिओकडे पळाले. पेटीला साथीपुरती परवानगी मिळण्यास १९७१ चा सुमार उजाडला. म्हणजे ज्यानें चित्रपटाला चाली दिल्या आणि ज्याचा हात पेटीवर फिरे, असा मनुष्य अशा कचेरींत नोकरीस होता कीं जिच्या ध्वनिगृहांत त्याच्या हातचें वाद्य आणूं देत नसत. आक्षेपांत तथ्य नव्हतें असें नाहीं. पेटीचें व्यंग आम्हीं वर सांगितलेंच आहे. पण हुकुमानें संगीत शुद्ध होतें ही कल्पना मात्र आम्हांस कधींच पटली नाहीं.

दूरचित्रवाणीचें तंत्र शिकण्यासाठीं त्यांना विलायतेस बी. बी. सी. कडे धाडण्यांत आलें. त्या प्रवासांतून 'अपूर्वाई' निघाली, आणि आज तेवढीच आपल्या लक्षांत आहे. ते कशासाठीं गेले होते हें पुस्तक वाचणारे निम्मे लोक विसरतात. १५ सप्टेंबर १९५९ रोजीं दिल्लीस दूरचित्रवाणीचा प्रयोग सुरू झाला. प्रयोगच तो! आठवड्यांतून दोनदां, तासाभराचा कार्यक्रम. शहरांत ठिकठिकाणीं ठेवलेले वीस-एकवीस सार्वजनिक संच. आणि त्यांच्यासमोर चटईवर जमलेली मंडळी. त्या खात्याच्या अगदीं पहिल्या निर्मात्यांपैकीं देशपांडे एक. पंडित जवाहरलाल नेहरूंची दूरचित्रवाणीवरील पहिली मुलाखत त्यांनीं घेतली असें सर्वत्र सांगितलें जातें. पेटीवाल्याचें शिक्षण येथें किती उपयोगीं पडलें असेल याची कल्पना करावी. मुलाखत घेणें म्हणजे साथच. बोलणाऱ्याच्या पुढें धांवून चालत नाहीं आणि तो अडखळला तर पोकळी राहूं देतां येत नाहीं.

त्या काळीं हे कार्यक्रम प्रायः जसे घडत तसेच दाखविले जात, आणि दाखविले कीं विरून जात. शिवाय हा दिवा लागला दिल्लींत. मुंबईस दूरचित्रवाणीचें केंद्र सुरू झालें तें २ ऑक्टोबर १९७२ रोजीं, तेरा वर्षांनीं. तोंपर्यंत देशपांडे ती नोकरी केव्हांच सोडून रंगभूमीवर आले होते आणि एकट्यानें 'चाळ' उभी करून नाट्यगृहें भरवीत होते. ज्या मराठी कुटुंबांनीं घरांत पहिला संच आणून त्यावर क्रोशाचा रुमाल टाकला, त्यांना त्या संचाच्या पूर्वजांत आपला पु. ल. आहे याचा पत्ता असण्याचें कारणच नव्हतें. पुस्तकें उरलीं, ध्वनिफिती उरल्या. जें विरलें तें विरलें. चित्रपटांचीही तीच कथा. पुण्यास राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघालें १९६४ सालीं. त्याच्या आधीं मुद्रिकांचा सांभाळ ज्याच्या त्याच्या दैवावर होता.

आमचे एक वडीलधारे स्नेही या सर्व प्रकारास 'एक ना धड, भाराभर चिंध्या' म्हणत. त्यांचें म्हणणें, या मनुष्यानें एकच काय तें धरून ठेविलें असतें तर केवढें काम झालें असतें! आम्हीं त्यांच्याशीं पुष्कळ वाद घातला. या चिंध्या नव्हेत, एकाच ताग्याचे हे तुकडे आहेत, असें आमचें म्हणणें. 'वाऱ्यावरची वरात' पाहा. गाणें, भाषण, नकला, मधलें निवेदन यांची ती गुंफण नभोवाणीच्या ध्वनिगृहांत न वावरलेल्या नाटककारास सुचली असती काय? पण त्यांचा एक मुद्दा आम्हांस खोडतां आला नाहीं. प्रत्येक बिऱ्हाडांत देशपांड्यांनीं चूल मांडली, घर हसतें-खेळतें केलें, आणि भिंतीला खुंट्या ठोकण्याची वेळ आली कीं ते गांठोडें बांधून निघाले. वाचकाला त्यांचा लळा लागला तो त्यांच्या या मोकळेपणामुळेंच, आणि अपुरें राहिलें तेंही त्याच्यामुळेंच.

चित्रपटाच्या बिऱ्हाडाकडे ते एकदां परत आले, तब्बल एकोणचाळीस वर्षांनीं. १९९२ च्या 'एक होता विदूषक'ची पटकथा त्यांची, दिग्दर्शन डॉ. जब्बार पटेल यांचें, चाली आनंद मोडक यांच्या, मुख्य भूमिका लक्ष्मीकांत बेर्डे यांची. तमाशाच्या फडांत वाढलेला एक सोंगाड्या चित्रपटाचा नट होतो, आणि राजकारणी त्याच्या लोकप्रियतेला आपल्या गाड्यास जुंपतात. हसविणाऱ्याची ही इतकी कडवट गोष्ट साऱ्या महाराष्ट्राला हसविणाऱ्यानें लिहावी, हें पुष्कळांस रुचलें नाहीं. त्यास त्या वर्षींच्या उत्कृष्ट मराठी चित्रपटाचें राष्ट्रीय पारितोषिक मिळालें, तरीही नाट्यगृहांत त्यांच्या वाक्यावाक्याला टाळ्या देणारी मंडळी येथें गप्प बसलीं. आमच्या शेजारच्या खुर्चींतील एक गृहस्थ उठतां उठतां पत्नीला म्हणाले, 'यांत पु. ल. कोठें दिसले नाहींत.' नंतर ते दोघें बाहेर पडून रिक्षा शोधूं लागलीं.