साठीची नायिका

साठी बुद्धी नाठी असे म्हणतात. पण साठीला भूमिकाही नाठी होते, हे मला परवा कळले. "काकू, यंदा तुम्ही पहिल्या रांगेत बसून नाटक पाहायचं हं," असे आमच्या हौशी मंडळाच्या तरुण दिग्दर्शकाने फार गोड शब्दांत सांगितले. घरी येऊन मी रागारागाने चकलीची भाजणी मळायला घेतली. नातीने माझा चेहरा पाहिला आणि मुकाट्याने संगणकावर एक जुना चित्रपट लावून दिला. १९३० सालचा 'मिन अँड बिल'.

नायिका आली ती मेरी ड्रेसलर. थोराड अंग, ओघळलेले गाल, विसकटलेले केस. थेट माझ्या पंक्तीतली! बंदरावर खानावळ चालविणारी ही मिन आईने टाकलेल्या एका पोरीला वाढवते. मारामाऱ्या करून तिने मला पोट धरधरून हसविले. शेवटी ती पोर लग्न होऊन बोटीने निघते. तिच्या सुखाच्या आड येणाऱ्या त्या आईला मिनने नुकतेच गोळी घालून मारलेले असते. धक्क्यावरच्या गर्दीतून ती बोटीकडे पाहत राहते. पोलीस तिला धरतात, तरी चेहऱ्यावर हसू! माझे भाजणीचे हात तसेच राहिले.

बाई मूळची कॅनडातल्या कोबर्ग गावची. चौदाव्या वर्षी घर सोडून नाटक कंपनीत गेली. १९१४ च्या 'टिलीज पंक्चर्ड रोमान्स'ची नायिका तीच. चार्ली चॅप्लिन तेव्हा नवखा होता. १९१९ च्या नटांच्या संपात समूहात नाचणाऱ्या-गाणाऱ्या मुलींच्या संघटनेची ती पहिली अध्यक्षा झाली. पुढे मात्र काम मिळेना. अखेर फ्रान्सिस मॅरियन ही लेखिका मैत्रीण धावून आली. तिनेच मेरीसाठी भूमिका लिहिल्या, 'मिन'सुद्धा. १० नोव्हेंबर १९३१ ला त्या भूमिकेला ऑस्कर मिळाले. आदल्याच दिवशी बाईंना ६३ वर्षे पूर्ण झाली होती! १९३३ च्या 'डिनर ॲट एट'मध्ये तिनेच दिवस फिरलेली जुनी नटी अशा काही रुबाबात उभी केली, की मिन ती हीच का, असा प्रश्न पडावा. १९३२ आणि १९३३ अशी दोन वर्षे अमेरिकेतल्या चित्रपटगृहवाल्यांच्या यादीत, गल्ला जमविणाऱ्यांत, तिचे नाव पहिले होते. १९३४ मध्ये ती गेली.

"आजी, तुझी कुणी मैत्रीण लिहिते का गं?" नातीने विचारले.

लिहिते की! आमच्या मंडळाची निम्मी नाटके तिचीच. उद्या चकल्यांचा डबा घेऊन तिच्याकडे जाणार आहे. भूमिका मागायची, तर रिकाम्या हाताने कसे जायचे?