माहेच्या धुक्यातील रहिवासी

सेशेल्सला जाणारे बहुधा समुद्रकिनाऱ्यावरूनच परततात. माहे बेटावरील ९०५ मीटर उंचीच्या मोर्न सेशेल्वा पर्वताच्या धुकट अरण्यात मात्र पाऊल जपून टाकावे लागते. ओल्या पाचोळ्यात गार्डिनरचा बेडूक राहतो. पूर्ण वाढ झालेला नर जेमतेम ११ मिलिमीटरचा, नखावर मावेल एवढा! त्याला कानाचा पडदा नाही, मध्यकर्णही नाही. तरी तो ऐकतो. तोंडाची पोकळीच ध्वनी वाढवून आत पोहोचवते, असे संशोधकांनी २०१३ साली दाखवून दिले. अंडी जमिनीवर घातली जातात आणि त्यांतून थेट इवले बेडूक बाहेर पडतात. तळ्याची गरजच नाही. ओलावा हेच त्याचे सारे भांडवल. हवा तापून धुके वर सरकले, तर शिखरापलीकडे त्याने जावे कोठे? माहे आणि सिलूएट या दोन बेटांखेरीज तो जगात अन्यत्र आढळत नाही.