दुसऱ्या जोडप्यासमोर

मारेन आडे या जर्मन दिग्दर्शिकेचा ‘टोनी एर्डमान’ फार आवडला होता, म्हणून तिचा आधीचा, २००९ सालचा ‘आल्ले आन्डरेन’ एका रात्री मी आणि नवऱ्याने घरीच लावला.

ख्रिस आणि गिट्टी हे तरुण जोडपं सार्डिनिया बेटावर, ख्रिसच्या आईवडिलांच्या बंगल्यात सुट्टीला आलंय. तो वास्तुविशारद, पण अजून जम न बसलेला. ती मनात येईल ते बोलून मोकळी होणारी. दोघंच असतात तेव्हा त्यांचं निराळंच चालतं: आल्याच्या तुकड्याचा केलेला बाहुला, लाडिक चिडवाचिडवी, त्याचा विचित्र नाच. चारचौघांत दाखवायची लाज वाटावी असं सगळं. आडे तिथे मुळीच घाई करत नाही. दोघांतला हा पोरकटपणा इतक्या आस्थेनं जपलेला मी पडद्यावर क्वचितच पाहिलाय.

मग हान्स आणि गरोदर साना भेटतात. हान्सही वास्तुविशारदच, पण यशस्वी, आणि हसतहसत समोरच्याला कमी लेखणारा. त्यांच्यासमोर गिट्टीनं तोंड उघडलं की ख्रिस अवघडतो. कुणाचं लफडं नाही, फसवणूक नाही; तो फक्त त्या दोघांच्या नजरेनं तिला बघायला लागतो. मग त्याला आवडावी म्हणून ती नटूनथटून सानासारखी होऊ बघते. ते मला बघवेना. बिर्गिट मिनिशमायरला या भूमिकेसाठी बर्लिन महोत्सवात अभिनयाचं रौप्य अस्वल मिळालं, ते अगदी योग्यच झालं.

पण मला हलवलं ते ख्रिस झालेल्या लार्स आयडिंगरच्या नजरेनं. ती माझ्या ओळखीची होती. लग्नानंतरच्या सुरुवातीच्या वर्षांत नवऱ्याच्या ऑफिसातली जोडपी जेवायला यायची. मी मोठ्यानं हसले, वाढता वाढता एखादा किस्सा रंगवून सांगायला लागले, की तो आधी पाहुण्यांकडे बघायचा आणि मग माझ्याकडे. हळूहळू मी पाहुण्यांसमोर किस्से सांगणं सोडलं. त्यावर आम्ही कधी बोललो नव्हतो.

चित्रपट संपल्यावर त्यानंच विचारलं, “मी असा बघायचो का गं तुझ्याकडे?”

मी हो म्हटलं. कधी, कुणासमोर, कशावरून, तेही सांगत गेले. त्यातला एकच प्रसंग त्याला आठवत होता. बाकीचे ऐकताना तो दर वेळी “आणि मग?” एवढंच विचारत राहिला.