आवाज बंद करून बघा!

अहो, श्याम बेनेगलांचा ‘नेहरू’ पाहिलाय का तुम्ही? नसेल तर आत्ता बसा! मी काही सिनेमाची जाणकार नाही, पण या माहितीपटानं माझी झोप उडवलीय!

तीन भाग! सोबतीला सोव्हिएत दिग्दर्शक युरी आल्डोखिन! निवेदन नेहरूंच्याच शब्दांत! आणि नेहरू तर १९६४ मध्येच गेले, माहितीपट १९८०च्या दशकातला, म्हणजे पडद्यावर दिसणारे नेहरू बेनेगलांनी टिपलेलेच नाहीत! कुणी कुणी बातमीसाठी घेतलेली जुनी रिळं धुंडाळली, आणि मग त्यातली निवडली, आणि मग कापली, जोडली, आणि मग जुन्या लुगड्यांची वाकळ शिवावी तसा अख्खा नेता उभा केला!

आणि त्या फिल्मची भूक बघा! ३५ मिलिमीटरची फिल्म मिनिटाला ९० फूट पळते! हजार फुटांचं रीळ अकरा मिनिटांत खलास! सभा तासभर चालणार, मग काय टिपायचं आणि काय सोडायचं हे कॅमेरावाल्यानं उभ्या उभ्या ठरवायचं! शिवाय त्या काळचे कितीतरी वार्तापट मुकेच टिपलेले! टाळ्या, संगीत, सगळं नंतर चढवलेलं! मी आवाज बंद करून पुन्हा पाहिलं. तेच नेहरू, पण आता नुसता चेहरा बोलत होता!

आता आपलं ऐका! अशी बातम्यांची रिळं काढणारा इंग्रजांच्या काळातला सरकारी चित्रपट विभाग १९४६ मध्ये बंद पडला होता. त्याची जागा घेणारं फिल्म्स डिव्हिजन सुरू झालं १९४८ मध्ये. आणि त्याच वर्षी, १७ सप्टेंबरला, हैदराबादचा निजाम शरण आला आणि आपलं हिंगोली मोकळं झालं! एकाच वर्षी! आणि बेनेगलही निजामाच्याच राज्यातले, जन्म १९३४चा, सिकंदराबादजवळच्या तिरुमलगिरीचा! वडील छायाचित्रकार, त्यांचाच कॅमेरा घेऊन पोरानं बाराव्या वर्षी पहिली फिल्म केली! म्हणजे आपण मुक्त झालो तेव्हा तिकडे तेरा वर्षांचा एक मुलगा कॅमेरा हाताळून तयार होता!

दर १७ सप्टेंबरला आपण त्या मुक्तिलढ्याचे नेते स्वामी रामानंद तीर्थांच्या फोटोला हार घालतो. पण ते चालायचे कसे? बोलताना हात कसा उचलायचे? मला बघायचंय! तुम्हालाही बघायचंय, नाही म्हणू नका! पुण्यात १९६४ पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, फिल्म्स डिव्हिजनचा ठेवा आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आहे. स्वामीजींचं एखादं रीळ तिथं आहे का, विचारायला काय हरकत आहे? पत्र मी लिहिते, खाली सही तुमचीही हवी!