मिसळणाच्या डब्याची बाग

गेल्या वर्षी दसऱ्याला आमच्या मंडळाने एक नवी स्पर्धा जाहीर केली. ६ फूट बाय ४ फूट जागेत बाग करायची, तिच्यामागे काहीतरी कल्पना हवी आणि लावलेलं प्रत्येक रोप खाण्याजोगं हवं. प्रदर्शन वसुबारसेला. म्हणजे हाताशी दिवस १७. मी लगेच नाव दिलं. बायको म्हणाली, "तू आजवर कुंडीतली तुळस तरी जगवली आहेस का?"

तिचं बरोबर होतं. पण माझं कारण वेगळं होतं. त्याच उन्हाळ्यात दांडिया बाजारातलं आमचं जुनं घर विकायचं ठरलं. छत गळत होतं, काकांना त्यांचा वाटा हवा होता आणि मी बाबांना फ्लॅटवर आणलंच होतं. बाबांनी बानाखतावर सही केली, एक शब्द बोलले नाहीत. फक्त रोज सकाळी रिक्षा करून जुन्या घरी जात राहिले, परसाला पाणी घालायला. अळू, कढीपत्ता, गवती चहा, हळद, सगळं आईने लावलेलं. आई जाऊन चार वर्षं झाली होती. घराचा कबजा दिवाळीनंतर द्यायचा होता. एवढंसं परस आपल्या बाल्कनीतही होऊ शकतं, हे मला बाबांना दाखवायचं होतं. खरं सांगायचं तर, ते स्वतःला पटवायचं होतं.

सवयीप्रमाणे आधी वाचायला बसलो. फ्रान्समधल्या विलाँद्रीच्या वाड्याला भाज्यांची एक प्रसिद्ध बाग आहे. मूळच्या स्पॅनिश असलेल्या जोआकिम कार्वालो या डॉक्टराने १९०६ साली तो वाडा विकत घेतला आणि ही बाग पुन्हा उभी केली. एका मापाचे ९ चौरस, प्रत्येकाची नक्षी वेगळी, आणि रंग भरलेले कोबी, बीट, गाजर यांच्या पानांनी. लंडनच्या चेल्सी प्रदर्शनातल्या छोट्या बागा याच्या उलट. रोपं दुसरीकडे वाढवून आणायची, जागेवर मांडायची, आणि चार-पाच दिवसांनी सगळं उचलायचं. हे वाचून मला आमचे दिवाळीचे किल्ले आठवले. अळीव आणि मोहरी पेरून आम्ही मावळातली हिरवळ उगवायचो. तीही मांडलेली आणि खाण्याजोगी बागच होती की! फक्त ते अळीव कोणी खाल्लं नाही.

कल्पना सुचली ती ओट्यासमोर उभं असताना. मिसळणाचा डबा! मधे एक वाटी, भोवती सहा. सात सारखी वर्तुळं अशी एकमेकांना टेकवून ठेवली, की बाहेरच्या मोठ्या वर्तुळाचा व्यास एका वाटीच्या बरोबर तिप्पट होतो. १६ इंची घमेली घेतली तर ४८ इंच, म्हणजे नेमके ४ फूट. उरलेल्या २ फुटांत डब्याचं झाकण कलतं ठेवायचं. मोहरी, मेथी, धने, जिरं, मिरची, हिंग आणि मधे हळद. मी एक्सेलमध्ये तक्ता केला आणि बाबांना दाखवला.

त्यांनी चष्मा लावून तो नीट वाचला. "मोहरी दोन-तीन दिवसांत वर येईल, मेथी तीन-चार. धने अख्खे पेरू नकोस, रगडून दोन फाका कर आणि रात्रभर भिजव. तरी आठ-दहा दिवस घेतील, ऊन फार आहे अजून. मिरची विकत आण. हिंग आपल्याकडे येत नाही. जिऱ्याला थंडी लागते, ते नोव्हेंबरात पेरतात. आणि हळद जून महिन्यात लावायला हवी होती."

म्हणजे माझ्या डब्याची मधली वाटीच रिकामी. मी थोडा वेळ थांबलो आणि विचारलं, "बाबा, परसातली हळद देता का?"

ते काहीच बोलले नाहीत. मला वाटलं, चुकीचं मागितलं. आईची हळद एका दिवसाच्या शोभेसाठी कशाला उपटायची? पण दुसऱ्या दिवशी सकाळी तेच म्हणाले, "चल, कुदळ घे."

परसात हळद गुडघ्याच्या वर गेली होती. बाबांनी मला हात लावू दिला नाही. रोपाभोवती वीतभर जागा सोडून गोल खणलं, मातीसकट ढेकूळ उचललं आणि रंगाच्या जुन्या बादलीत बसवलं. बादलीला खालून भोकं आधीच पाडून आणली होती. माती थोपटत असताना ते म्हणाले, "कबजा दिवाळीनंतर, हळद तयार होणार पौषात. मी काय करणार होतो, तेच कळत नव्हतं. तू मागितलीस ते बरं झालं."

तीन महिने रोज रिक्षाने जाताना हा माणूस हे मनात घेऊन जात होता आणि मी त्याला एकदाही विचारलं नव्हतं. मी मात्र बाल्कनीच्या मापाचे तक्ते करत होतो. त्या दिवशी आम्ही आणखी दोन बादल्या भरल्या.

घमेलं जेमतेम चार-पाच इंच खोल. त्यात हळद बसणार नाही, म्हणून मधे बादलीच ठेवली आणि बाकीची घमेली विटांवर उचलून तिच्या तोंडाशी आणली. माती, शेणखत आणि कोकोपीट कालवायला मुलगी बसली. मोहरी-मेथी बाबांनी सांगितलेल्या दिवशी वर आली. धने नवव्या दिवशी, विरळ. जिरं आलंच नाही.

प्रदर्शनाच्या आदल्या दिवशी मी नर्सरीतून शेपू आणला. त्याचं पान जिऱ्यासारखंच बारीक, कोणाला कळणार होतं? ऑफिसात डेमोच्या आधी आम्ही असं बरंच काही करतो. समोर बटण दिसतं, त्याच्यामागे काहीही जोडलेलं नसतं. बाबांनी शेपूकडे पाहिलं आणि पाटीकडे पाहिलं. "शेपूची भाजी करू उद्या. खोटी पाटी लावू नकोस," एवढंच म्हणाले. मग जिऱ्याच्या घमेल्यात नुसती माती ठेवली आणि पाटी लिहिली: "जिरं. थंडी पडल्यावर या." हिंगाचं घमेलंही रिकामं ठेवलं. हिंग हा एका झाडाच्या मुळातून निघणारा चीक असतो, आणि तो आपल्याकडे मुख्यतः अफगाणिस्तान, इराणकडून येतो, असं पाटीवर लिहिलं.

आम्हाला उत्तेजनार्थ बक्षीस मिळालं. दोन वाट्या रिकाम्या म्हणून गुण कापले, हे परीक्षकांनी स्पष्ट सांगितलं. पण गर्दी आमच्या बागेपाशी होती. एका मुलीने विचारलं, "हळदीला पानं असतात?" बाबांनी पान किंचित चुरडून तिला वास घ्यायला दिला. मग पुढची मुलं आली, आणि संध्याकाळपर्यंत बाबा बोलतच होते. इतकं बोलताना मी त्यांना चार वर्षांत पाहिलं नव्हतं.

दिवाळीनंतर कबजा दिला. बाबा किल्ली देऊन आले आणि त्या रात्री जेवले नाहीत. तीन बादल्या बाल्कनीत आहेत म्हणून ते दुःख भरून निघालं, असं मी म्हणणार नाही. पण दुसऱ्या दिवशी सकाळी ते पाणी घालायला उठले.

नोव्हेंबरात पुन्हा पेरलेलं जिरं उगवलं. जानेवारीत हळदीची पानं पिवळी पडली, तेव्हा बादल्या वर्तमानपत्रावर उलट्या केल्या. ताटभर निघाली. बायकोने लिंबू-मीठ घालून ओल्या हळदीचं लोणचं केलं. बाबांनी पाच कुड्या बाजूला काढून कोरड्या वाळूत ठेवल्या, बियाण्यासाठी.

यंदाही स्पर्धा आहे. तुम्ही डबा करणार असाल, तर मोहरी दसऱ्याला पेरली तरी चालेल. हळद मात्र जूनमध्ये लावा. कुडी नसेल तर आमच्याकडून घेऊन जा. बाबा देतील, आणि ती कशी लावायची हेही सांगतील.