न्यायासन आणि राजदूतावास : छागलांची मुत्सद्देगिरी व लेखन

वकिलीतून मुत्सद्देगिरीकडे वळलेल्या भारतीयांत महंमदअली करीम छागला (१९००–१९८१) यांचे उदाहरण वेगळे ठरते, कारण या दोन पेशांच्या मधोमध मुंबई उच्च न्यायालयातील सतरा वर्षांचे न्यायदान उभे आहे. ऑक्सफर्डचे शिक्षण आटोपून १९२२ मध्ये ते बॅरिस्टर झाले आणि मुंबईला येऊन पुढे पाकिस्तानचे संस्थापक ठरलेल्या जीनांच्या चेंबरमध्ये उमेदवारी करू लागले. परंतु १९२८ च्या नेहरू अहवालाने स्वतंत्र मतदारसंघ, म्हणजे मुसलमानांनी फक्त मुसलमान प्रतिनिधी निवडण्याची व्यवस्था, रद्द करण्याची शिफारस केली तेव्हा छागलांनी अहवालाची बाजू घेतली आणि गुरूशी त्यांचे नाते तुटले. १९४१ मध्ये ते न्यायाधीश झाले व १९४७ मध्ये मुख्य न्यायाधीश. न्यायाधीशपदी असतानाच १९४६ मध्ये संयुक्त राष्ट्रांत गेलेल्या भारतीय शिष्टमंडळात, दक्षिण आफ्रिकेतील हिंदी लोकांच्या प्रश्नावर, त्यांनी विजयालक्ष्मी पंडितांसमवेत काम केले होते.

१९५८ मध्ये ते अमेरिकेत राजदूत झाले; त्यांच्या मुत्सद्देगिरीचा खरा कस मात्र वॉशिंग्टनमध्ये नव्हे, हेगमध्ये लागला. १९५४ मध्ये दादरा व नगर हवेली पोर्तुगीज सत्तेतून मुक्त झाल्यावर दमणहून तेथे जाण्याचा आपला मार्ग भारताने अडवला, अशी फिर्याद पोर्तुगालने १९५५ च्या डिसेंबरात आंतरराष्ट्रीय न्यायालयात नेली. ज्या पक्षराष्ट्राचा नागरिक न्यायासनावर नसेल त्याला त्या खटल्यापुरता एक न्यायाधीश नेमता येतो. अशा तदर्थ न्यायाधीशपदी भारताने छागलांना पाठवले. खटल्याचा एक धागा थेट पुण्यात पोचतो, कारण पोर्तुगालचा दावा पेशव्यांशी झालेल्या १७७९ च्या तहावर आणि १७८३ व १७८५ च्या सनदांवर उभा होता. या कागदांनी पोर्तुगिजांना सालिना बारा हजार रुपये वसुलाची गावे मिळाली होती. परंतु हे दान जहागिरीचे, म्हणजे महसूल घेण्यापुरते असून सार्वभौमत्वाचे नव्हे, असा न्यायालयाने निष्कर्ष काढला, आणि तरीही पुढे इंग्रजांनी त्या प्रदेशावरील पोर्तुगीज सत्ता गृहीत धरली होती, हेही नोंदवले. १२ एप्रिल १९६० च्या निकालात खाजगी व्यक्ती, नागरी अधिकारी आणि सामान्य माल यांच्यापुरता जाण्यायेण्याचा हक्क बहुमताने मान्य झाला, सैन्य, सशस्त्र पोलीस व शस्त्रे यांबाबत तो नाकारला गेला, आणि भारताने कोणतेही कर्तव्य मोडले नाही असे ठरले. बहुमताने मान्य केलेला नागरी हक्कही छागलांनी आपल्या भिन्न मतपत्रात स्वीकारला नाही. विद्यमान राजदूताने आपल्याच सरकारच्या खटल्यात न्यायाधीश म्हणून बसावे, हे नियमात बसणारे असले तरी आजच्या वाचकाला खटकल्याशिवाय राहत नाही.

खटकण्याजोगी दुसरी गोष्ट याहून गंभीर आहे. मोतीलाल सेटलवाडांच्या अध्यक्षतेखालील विधी आयोगाचे छागला सदस्य होते, आणि निवृत्त न्यायाधीशांनी सरकारी नेमणुका घेऊ नयेत, अशा आशयाची शिफारस या आयोगाने सप्टेंबर १९५८ च्या अहवालात केली होती. तरीही त्याच वर्षी छागला अमेरिकेत राजदूत म्हणून गेले. हेगमध्ये भारताची बाजू मांडणाऱ्या सेटलवाडांनी आपल्या आत्मचरित्रात यावर टीका केली आणि ती टीका आजही टिकते, कारण छागलांनी राजदूतपद कितीही उत्तम सांभाळले असले, तरी शिफारशीमागचे तत्त्व माणसाच्या गुणवत्तेवर नव्हे तर न्यायासनाच्या निःशंकतेवर बेतलेले होते. त्याच वर्षी आयुर्विमा महामंडळाच्या गुंतवणुकीसंबंधीच्या मुंदडा प्रकरणाची चौकशी उघड्यावर चालवून एका अर्थमंत्र्याला राजीनामा देण्यास भाग पाडणारा अहवाल देणारा हाच न्यायाधीश होता, हे आठवले की ही विसंगती अधिकच जाणवते.

वॉशिंग्टनच्या तीन वर्षांत धान्यटंचाईच्या भारतासाठी महत्त्वाचा असा अमेरिकेशी मे १९६० चा करार झाला, ज्यान्वये १ कोटी ६० लाख टन गहू आणि १० लाख टन तांदूळ चार वर्षांत मिळायचा होता. त्यावर सही अन्नमंत्री स. का. पाटलांची होती. छागलांचे तेथील काम मुख्यतः व्याख्यानांचे होते, आणि त्या व्याख्यानांचा संग्रह १९६२ मध्ये ‘अ‍ॅन अ‍ॅम्बॅसडर स्पीक्स’ या नावाने निघाला. पुस्तक सुबक आहे, परंतु श्रोत्यांना राजी राखण्याची त्यातील धडपड छागलांच्या मूळ प्रकृतीशी जुळत नाही.

ती प्रकृती १९६४ मध्ये सुरक्षा परिषदेत प्रकटली. शिक्षणमंत्री असताना काश्मीरवर बोलण्यासाठी त्यांना पाठवले गेले; समोर पाकिस्तानचे परराष्ट्रमंत्री भुट्टो होते, तेही बॅरिस्टर. छागलांनी वकिली पद्धतीने मुद्दे रचले: काश्मीरचे १९४७ चे विलीनीकरण कायद्याने पूर्ण आहे, संयुक्त राष्ट्रांच्या १९४८ च्या ठरावातील पाकिस्तानी फौजा मागे घेण्याची अट कधीच पाळली गेली नाही, म्हणून सार्वमताचा आग्रह उरत नाही, आणि धर्मावरून राष्ट्र ठरते हे तत्त्व भारताला मान्य नाही. हा शेवटचा मुद्दा जीनांच्या चेंबरमधून बाहेर पडलेल्या माणसाच्या तोंडून आल्याने त्याला निराळे वजन प्राप्त झाले.

नोव्हेंबर १९६६ मध्ये परराष्ट्रमंत्री झालेल्या छागलांनी विद्यापीठीय माध्यमभाषेच्या धोरणाशी मतभेद झाल्याने सप्टेंबर १९६७ मध्ये राजीनामा दिला. १९२९ च्या राज्यघटनेवरील पुस्तकापासून १९७३ च्या ‘रोझेस इन डिसेंबर’ या आत्मचरित्रापर्यंतच्या त्यांच्या लेखनात आत्मचरित्रच आज अधिक वाचले जाते; त्याच्या वाचकाने हेगच्या खटल्यातील भिन्न मतपत्रही शेजारी ठेवावे, कारण मुत्सद्दी म्हणून त्यांनी लिहिलेले सर्वांत सकस पान तेच आहे.